स्वप्नात वडील किल्ल्या देतात तेव्हा

घरातलं मोठं माणूस गेलं की पहिल्या वर्षभरात काही स्वप्नं पुन्हा पुन्हा पडतात, आणि माणसं ती जवळच्याच कुणाला तरी हळू आवाजात सांगतात. वडील ओसरीवर बसलेत आणि काही न बोलता किल्ल्यांचा जुडगा पुढे करताहेत. आजीच्या पाटल्या हातात घेतल्यात, पण त्या मनगटावर चढत नाहीत. केव्हाच विकून टाकलेल्या वाड्यात आपण परत गेलोय आणि माजघरामागे पूर्वी कधी नव्हतीच अशी एक खोली सापडते. सातबारा काढला तर त्यावर भावांची नावं आहेत, आपलं नाही. जाग येते तेव्हा घसा कोरडा पडलेला असतो आणि दिवसभर एकच विचार सोबत राहतो: हे कशाचं सूचक असेल?

ज्यांना अशी स्वप्नं पडतात त्यांच्यासाठी हा लेख आहे. मला जे सांगायचं आहे ते आधीच सांगते. वारशाचं स्वप्न मालमत्तेबद्दल फार क्वचित असतं. ते देणाऱ्या माणसाबद्दल असतं, आणि त्याच्याकडून आपल्याकडे जे काम, जो राग किंवा जी माया येऊन पोचली आहे तिच्याबद्दल असतं. म्हणून अर्थ लावताना कोणी दिलं ते आधी पाहा, काय दिलं ते त्यानंतर. आणि जमीन, घर, सोनं यांबाबतचा एकही निर्णय स्वप्नावरून घेऊ नका.

स्वप्नफलाच्या छोट्या पुस्तिका एका वस्तूला एक अर्थ लावून मोकळ्या होतात. सोनं दिसलं तर हे, साप दिसला तर ते, मेलेलं माणूस दिसलं तर आणखी काही. त्या वाचून समाधान होत नाही, कारण त्यांत स्वप्न पाहणारा माणूसच नसतो. एकाच आजीच्या पाटल्या वाटणीचा दावा लढणाऱ्या नातवाला दिसल्या आणि लग्न ठरलेल्या नातीला दिसल्या, तर त्यांचा अर्थ एक कसा असेल? हे फार जुन्या जाणकारांनाही कळत होतं. इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात आर्टेमिडोरस नावाच्या ग्रीक लेखकाने स्वप्नांवर पाच भागांचा ग्रंथ लिहिला. त्याचा आग्रह असा की स्वप्न ऐकण्याआधी ते पाहणाऱ्याचा धंदा, त्याची परिस्थिती, त्याच्या सवयी यांची चौकशी करा. त्या ग्रंथाचे शेवटचे दोन भाग त्याने स्वतःच्या मुलासाठी लिहिले आणि ते जपून स्वतःजवळच ठेवायला सांगितलं. बापाने मुलाला दिलेला वारसा म्हणजे स्वप्नं कशी वाचावीत याचं ज्ञान, हे मला फार सुंदर वाटतं.

आपल्याकडे चरकसंहितेच्या इंद्रियस्थानात स्वप्नांचे सात प्रकार सांगितले आहेत. पाहिलेलं, ऐकलेलं, अनुभवलेलं, मनाने इच्छिलेलं आणि कल्पनेने रचलेलं हे पहिले पाच. सहावं पुढचं सुचवणारं आणि सातवं शरीरातल्या दोषांमुळे पडणारं. यांतली पहिली पाच निष्फळ समजावीत, असं चरक सांगतो. निष्फळ म्हणजे त्यांच्यातून भविष्य निघत नाही. ही चाळणी आजही वापरण्यासारखी आहे. वडील गेल्यानंतरच्या महिन्यांत घरात दुसरं काय चाललेलं असतं? मृत्यूचा दाखला, बँकेतले फॉर्म, वारस नोंदीचा अर्ज, कपाटातून निघालेली जुनी खरेदीखतं, आणि ती वाचता वाचता अचानक समोर आलेली वडिलांची सही. मन दिवसभर ज्यात बुडालेलं असतं तेच रात्री वर येतं. तेव्हा स्वप्न पडलं की आधी मागच्या आठवड्याकडे पाहा. त्या आठवड्यात तुम्ही तहसील कार्यालयात चकरा मारल्या असतील, तर स्वप्नातल्या सातबाऱ्याचं कारण तिथेच सापडेल.

पहाटेचं स्वप्न खरं होतं, हा समज घरोघरी आहे. त्यामागे एक साधी शारीरिक गोष्ट आहे. झोपेत डोळ्यांची जलद हालचाल होते अशा अवस्था येतात आणि ठळक स्वप्नं प्रामुख्याने तेव्हाच पडतात, हे १९५३ सालापासून माहीत झालं आहे. साधारण दीड तासाने ही अवस्था परत येते आणि रात्र सरत जाते तसतशी ती लांबत जाते. पहाटेची सगळ्यांत मोठी. तिच्यातूनच जाग आली की स्वप्न सबंध आठवतं आणि त्याचा ठसा खोल उमटतो. पहाटेचं स्वप्न जास्त खरं वाटतं ते यामुळे.

भविष्य बाजूला ठेवलं तरी वारशाच्या स्वप्नांचं मोल कमी होत नाही. मराठी माणसाला हे समजावून सांगायला परदेशी पंडितांची गरजही नाही. आपल्या परंपरेने शतकानुशतकं जपून ठेवलेली काही स्वप्नं वारशाचीच आहेत. पैठणच्या एकनाथांच्या स्वप्नात ज्ञानेश्वर आले आणि अजानवृक्षाची मुळी माझ्या कंठाला लागली आहे, आळंदीला येऊन ती काढ, असं त्यांनी सांगितलं, अशी कथा आहे. एकनाथ आळंदीला गेले, समाधीचा शोध घेतला, मुळी दूर केली. पुढे शके १५०६ मध्ये, म्हणजे १५८४ साली, त्यांनी ज्ञानेश्वरीची शुद्ध प्रत सिद्ध केली. ज्ञानेश्वरी शके १२१२ ची. मधल्या जवळजवळ तीनशे वर्षांत हस्तलिखितांच्या नकला होत गेल्या आणि मूळ पाठात पदरचे शब्द मिसळत गेले. ज्या ग्रंथावर आपला पिंड पोसला त्याची अशी अवस्था पाहणाऱ्या माणसाला हे स्वप्न पडलं आहे. गळा म्हणजे वाणी, आणि त्या वाणीला भलत्याच वाढीने विळखा घातलेला. स्वप्नाने एकनाथांच्या हाती कसलंही धन ठेवलं नाही, मिळालेला ठेवा साफ करण्याचं काम त्यांना सांगितलं.

तुकोबांचं स्वप्न याच जातीचं आहे. नामदेव पांडुरंगासह स्वप्नात आले आणि शतकोटी अभंगांचा आपला राहिलेला संकल्प पुरा करायला त्यांनी तुकारामांना सांगितलं, असं परंपरा मानते. नामदेवांचा काळ तेरावं-चौदावं शतक, तुकोबांचा सतरावं. रक्ताचं नातं नाही, एक गाव नाही, एक जात नाही, तरी हा वारसा पोचला. आणि तुकोबांच्या चरित्रातलाच दुसरा वारसा आठवून पाहा. घरात पिढीजात महाजनकी होती, सावकारीची खतं होती. दुष्काळानंतर तुकोबांनी खतांचे दोन वाटे केले, धाकट्या भावाचा, कान्होबाचा, वाटा त्याच्या हवाली केला आणि आपल्या वाट्याची खतं इंद्रायणीत बुडवली. एका वारशाला त्यांनी पाणी दाखवलं आणि दुसरा मरेपर्यंत वाहिला. आपल्याला मिळालेल्यापैकी काय पुढे न्यायचं आणि काय इथेच थांबवायचं, हा प्रश्न प्रत्येक वारसाला पडतो. वारशाची बहुतेक स्वप्नं याच प्रश्नाभोवती घुटमळतात.

आता नेहमी पडणाऱ्या काही स्वप्नांकडे वळू.

गेलेलं माणूस मुकाट्याने काहीतरी हातात ठेवतं, हे सगळ्यांत जास्त ऐकू येणारं स्वप्न. किल्ल्या, पेटी, देव्हाऱ्यातले टाक, कधी नुसतं पावतीबुक. इथे वस्तूपेक्षा तिच्याबरोबर येणारी भूमिका महत्त्वाची असते. किल्ल्या ज्याच्या कमरेला, घर त्याच्या शब्दावर चालायचं. त्या तुमच्या हातात आल्या, म्हणजे आता घरात निर्णय कोणाला विचारून घ्यायचा याचं उत्तर तुम्ही आहात, हे मनाला उमगायला लागलं आहे. टाक मिळाले तर कुलधर्माची जबाबदारी, नवरात्र कोण बसवणार हा प्रश्न. अशा स्वप्नात तुम्ही ती वस्तू घेतली की मागे हात घेतलात, हे नीट आठवून पाहा. हात मागे घेणं वाईट नसतं. तयारी झालेली नसते, एवढंच. पण तेच स्वप्न महिनोन्‌महिने येत राहिलं, तर एखादं काम तुम्ही टाळत आहात का ते तपासा. बऱ्याचदा ते काम अगदी छोटं असतं: वडिलांच्या मित्राला अजून फोन केलेला नसतो, त्यांनी कुणाला तरी दिलेला शब्द तसाच राहिलेला असतो.

पाटल्या, ठुशी, नथ, मोहनमाळ यांची स्वप्नं बायकांना अधिक पडतात आणि त्यांत दागिना बहुधा हरवतो, मोडतो, नाहीतर बसत नाही. आई किंवा सासू जशी होती तसं आपल्याला होता येत नाही, ही भीती त्यामागे पुष्कळदा असते. या स्वप्नाने घाबरून लॉकर उघडून बघायला धावू नका. आईच्या मापाच्या पाटल्या मुलीला न बसणं हे स्वाभाविकच आहे. सोनार माप बदलून देतो. स्वप्नाचं उत्तरही तेच आहे: आईचा वारसा तुम्ही आपल्या मापाने घालायचा आहे.

घराचं स्वप्न जरा थांबून पाहण्यासारखं आहे. १९०९ साली कार्ल युंग आणि सिग्मंड फ्रॉइड हे मनाचे दोन अभ्यासक जहाजाने अमेरिकेला चालले होते आणि रोज एकमेकांना आपली स्वप्नं सांगत होते. युंगला त्या सुमारास पडलेल्या एका स्वप्नात एक घर होतं, त्याचं स्वतःचं, तरी अनोळखी. वरच्या मजल्यावर जुन्या घाटाचं पण नीटनेटकं दालन, तळमजला त्याहून कितीतरी जुना, त्याखाली रोमन काळातलं तळघर, आणि त्याच्याही खाली गुहा. गुहेत फुटकी भांडी आणि दोन कवट्या. फ्रॉइडचं सगळं लक्ष कवट्यांकडे गेलं. त्या कोणाच्या, कोणाच्या मरणाची इच्छा मनात आहे, असं तो विचारत राहिला. युंगला मात्र घरच महत्त्वाचं वाटलं: आपल्या मनाखाली आपल्या आधीच्या माणसांचं मन थराथराने साठलेलं आहे, असा अर्थ त्याने लावला आणि पुढचा त्याचा बराचसा विचार त्यातून वाढला. एकच स्वप्न, दोन थोर वाचक, आणि दोघांनी आपापलं पाहिलं. तुमचं स्वप्न तुम्हाला दुसरं कोणी सांगू लागलं तर ही गोष्ट ध्यानात ठेवा.

आपल्याकडे वाडे पाडून इमारती उभ्या राहिल्या, गावाकडची घरं बंद पडली, चाळींचा पुनर्विकास झाला. घर जमिनीवरून गेलं तरी स्वप्नात ते उभं राहतं, ओट्यासकट, आडासकट. त्या घरात नवी खोली सापडणं हे मी शुभ मानते. घराण्याकडून आलेली एखादी क्षमता, हाताचं कसब, आवाज, हिशेबातली नजर, जिच्याकडे आजवर लक्ष गेलं नव्हतं, ती आता खुणावते आहे. घर पडकं दिसलं, छप्पर गळत असलं, तर आपली कुठली माणसं दुरावली आहेत ते पाहा. चार वर्षांत गावाकडच्या काकूला भेटायला गेला नसाल तर जाऊन या. स्वप्न थांबेल की नाही हे सांगता येत नाही, काकूला मात्र बरं वाटेल.

वाटणीची स्वप्नं सगळ्यांत जास्त दुखवतात. बांध सरकलेला दिसतो, भाऊ पाठ फिरवून बसलेला दिसतो, ताटं वाढलेली असतात आणि आपलं पान नसतं. लहानपणापासून मन एक हिशेब ठेवत आलेलं असतं: आईचा लाडका कोण, वडिलांनी कुणाचं ऐकलं, शिक्षणासाठी कुणाला पाठवलं आणि कुणाला शेतावर ठेवलं. वाटणीत तो हिशेब गुंठ्यांत आणि रुपयांत समोर येतो. म्हणून अर्ध्या गुंठ्यासाठी माणसं वीस वर्षं कोर्टात जातात. स्वप्नात तुम्हाला कमी मिळालं असेल तर स्वतःला विचारा की कमी काय वाटतं आहे, जमीन की घरात झालेली आपली मोजदाद. पुष्कळांच्या मनात ही मोजदादच असते.

बहिणींच्या बाबतीत मात्र मी इथे थांबणार नाही. लग्न झालेल्या कितीतरी बायकांना माहेरच्या दारात उभं असल्याचं, आणि आत यायला कुणी म्हणत नसल्याचं स्वप्न पडतं. त्यांतल्या अनेकींनी हक्कसोड पत्रावर सही केलेली असते. भावाशी नातं टिकावं म्हणून, कधी मनापासून, कधी डोळे खाली घालून. अशा बाईला केवळ मनाचा अर्थ सांगून गप्प बसवणं अन्यायाचं होईल, कारण तिच्या स्वप्नामागे खरी वस्तुस्थिती आहे. वडिलोपार्जित एकत्र मालमत्तेत मुलीला जन्मतः हक्क देणारी दुरुस्ती महाराष्ट्राने १९९४ साली केली, पण त्याआधी लग्न झालेल्या मुली तिच्या बाहेर राहिल्या. २००५ सालच्या केंद्रीय दुरुस्तीने हिंदू वारसा कायद्यात तो हक्क सर्व मुलींना मिळाला, आणि दुरुस्ती लागू झाली त्या दिवशी वडील हयात असण्याची अट नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली स्पष्ट केलं. तेव्हा हक्कसोड पत्राची तारीख जवळ आली असेल आणि रात्री असली स्वप्नं पडत असतील, तर सही करण्याआधी स्वतःचा वकील गाठा. भावाने नेमलेला नको. हक्क सोडायचा असेल तर तो पुरता कळून, खुशीने सोडा. मग ते दान ठरतं आणि मनाला बोचत नाही.

जिवंत माणसाचा वारसा मिळाल्याचं स्वप्न पडलं की माणसं स्वतःलाच दोषी धरतात. आई समोर हिंडतेफिरते आहे आणि स्वप्नात तिचं मृत्युपत्र वाचलं जातंय. मी इतकी वाईट आहे का, असा प्रश्न पडतो. नाही. आपल्याकडे लोक म्हणतात की स्वप्नात ज्याचा मृत्यू दिसतो त्याचं आयुष्य वाढतं. त्या समजुतीत एक शहाणपण आहे: स्वप्न पाहणाऱ्याला अपराधी वाटू द्यायचं नाही. आईवडील थकू लागले की त्यांच्या जाण्याची धास्ती मनाच्या तळाशी बसते आणि झोपेत ती अशा रूपात दिसते. गेलेल्यांच्या बाबतीतही अपराधीपणा असतोच. फ्रॉइडचे वडील १८९६ च्या ऑक्टोबरात वारले. अंत्यविधी साधेपणाने करावा ही वडिलांची इच्छा त्याने पाळली, त्यावरून नातेवाईक नाराज झाले, आणि त्याच दिवसांत त्याला स्वप्नात एक पाटी दिसली: डोळे मिटा अशी विनंती करणारी. मृताचे डोळे मिटणं हे मुलाचं कर्तव्य. पण डोळे मिटणं म्हणजे कुणाच्या चुकीकडे काणाडोळा करणंही. मागे राहिलेल्याला आपण पुरेसं केलं नाही असं वाटतं आणि माफीही हवी असते, हे त्या पाटीत त्याला दिसलं. स्वप्नांवरचा त्याचा ग्रंथ १८९९ च्या अखेरीस आला, आणि वडिलांच्या मृत्यूला दिलेला आपला प्रतिसाद त्या ग्रंथात आहे, हे त्याने पुढे प्रस्तावनेत लिहिलं.

वारशात कर्ज मिळाल्याचं स्वप्न शेतकरी घरांत आणि छोट्या व्यापाऱ्यांच्या घरांत पडतं. इथे अर्थ लावण्याआधी माहिती करून घ्या. वडिलांच्या कर्जाला तुम्ही जामीन किंवा सहकर्जदार नसाल, तर तुमची जबाबदारी त्यांच्याकडून तुम्हाला मिळालेल्या मालमत्तेपुरतीच असते, तुमच्या स्वतःच्या कमाईवर ती येत नाही. एवढं कळलं तरी कित्येकांची झोप सुधारेल. त्यानंतरही स्वप्न येत राहिलं, तर ते पैशाखेरीज दुसऱ्या कुठल्या देण्याचं असेल.

आता सगळ्यांत अवघड प्रश्नाकडे येते. स्वप्नात कुणी कागद कुठे आहे ते सांगितलं आणि तो खरोखरच सापडला तर? अशी उदाहरणं आहेत. अमेरिकेत नॉर्थ कॅरोलिना राज्यात जेम्स चॅफिन नावाचा शेतकरी १९२१ साली वारला. १९०५ सालच्या मृत्युपत्राप्रमाणे सगळी शेती चौघांपैकी एकाच मुलाकडे गेली. चार वर्षांनी दुसऱ्या एका मुलाला वडील स्वप्नात दिसू लागले. एकदा ते जुना ओव्हरकोट घालून आले आणि मृत्युपत्र याच्या खिशात आहे म्हणाले. कोट थोरल्या भावाकडे होता. अस्तरात शिवलेल्या खिशात चिठ्ठी निघाली, आजोबांच्या बायबलमधला उत्पत्तीचा सत्ताविसावा अध्याय वाचा, अशी. धाकट्याने वेषांतर करून थोरल्याचा आशीर्वाद घेतल्याची कथा त्याच अध्यायात आहे. बायबलच्या त्या पानांत १९१९ सालचं, चौघांना समान वाटा देणारं मृत्युपत्र सापडलं.

ही कथा सांगून लोक स्वप्नांवर विश्वास ठेवायला सांगतात. मी तिच्यातून उलटा बोध घेते. ते मृत्युपत्र स्वप्नामुळे ग्राह्य ठरलं नाही. अक्षर वडिलांचंच आहे अशी साक्ष द्यायला दहा माणसं तयार होती, आणि ते पाहून विरुद्ध बाजूने हरकत मागे घेतली, म्हणून ते मान्य झालं. शिवाय स्वप्नात आलेली खूण मुलाच्याच स्मरणात कुठेतरी असू शकते: कोट शिवताना वडिलांना पाहिलेलं असेल, बोलता बोलता सुटलेला एखादा शब्द कानावर पडलेला असेल. संत ऑगस्टीनने पाचव्या शतकात मृतांविषयी लिहिताना अशीच एक हकिकत दिली आहे, वडिलांनी स्वप्नात येऊन फेडलेल्या कर्जाची पावती कुठे आहे ते मुलाला सांगितल्याची. आणि लगेच त्याने स्वतःचा अनुभव मांडला. कार्थेजमधल्या त्याच्या एका शिष्याला ऑगस्टीनने स्वप्नात येऊन एक कठीण उतारा समजावून दिला होता, आणि खुद्द ऑगस्टीन त्या वेळी समुद्रापलीकडे मिलानमध्ये होता, त्याला याचा पत्ताही नव्हता. जिवंत माणूस नकळत दुसऱ्याच्या स्वप्नात जातो, तर मेलेल्याबद्दल घाईने निष्कर्ष का काढायचा, हा त्याचा प्रश्न सोळाशे वर्षांनंतरही चोख आहे.

म्हणून स्वप्नात जागा दिसली तर जरूर शोधा, ट्रंक उघडा, जुनं दप्तर चाळा. काही सापडलं तर वकिलाकडे न्या. न सापडलं तर विषय संपला. स्वप्नाच्या जोरावर भावावर कागद लपवल्याचा आरोप करू नका.

आणि गुप्तधनाबद्दल फार कळकळीने सांगते. पूर्वजांनी पुरलेला हंडा दिसणं, त्यावर नाग बसलेला असणं, हे आपल्याकडचं जुनं स्वप्न आहे. ते कुणा बुवाला सांगितलं की पूजा, रात्रीची खुदाई आणि पैशांची मागणी सुरू होते. यातून घरं बुडाली आहेत आणि लहान मुलांचे जीवही गेले आहेत. अशा शोधासाठी अघोरी कृत्य करणं हा महाराष्ट्रात २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहे. जमिनीत खरोखर काही सापडलंच तर १८७८ च्या कायद्याप्रमाणे ते जिल्हाधिकाऱ्यांना कळवावं लागतं. हे स्वप्न घरच्यांना सांगा, बुवाला सांगू नका.

स्वप्न वाचायची माझी रीत साधी आहे. उशाशी वही ठेवा आणि उठल्या उठल्या, मोबाइल हातात घेण्याआधी, जेवढं आठवेल तेवढं लिहा. अर्थ लिहू नका, घडलं ते लिहा. कोणी दिलं, तुम्ही घेतलं का, तिथे आणखी कोण होतं, आणि अंगात काय दाटलं: भीती, लाज, हायसं वाटणं, रडू. आदल्या काही दिवसांत घरात काय झालं तेही दोन ओळींत टिपून ठेवा. दोन-तीन स्वप्नं झाल्यावर ती एकत्र वाचा. ज्याचं नाव किंवा चेहरा सारखा येतो आहे त्याच्याशी तुमचं काही राहिलं आहे का, एवढंच विचारा. जिवंत असेल तर बोला. नसेल तर त्या माणसाच्या आवडीचं एखादं काम त्याच्या नावाने करा. पितृपक्षात तुम्ही श्राद्ध करत असाल तर त्या दिवशी हे बोलणं मनात बोलता येतं, करत नसाल तरी एक पत्र लिहून ठेवता येतं.

काही स्वप्नं मात्र वहीत मावणारी नसतात. रोज दचकून जाग येते, झोपायची भीती वाटते, दिवसाही तेच डोळ्यांसमोर राहतं, जगण्यात अर्थ नाही असं वाटू लागतं, तर अर्थ शोधत बसू नका. मनोविकारतज्ज्ञाकडे जा. सरकारची टेली-मानस ही सेवा १४४१६ या क्रमांकावर विनामूल्य आहे आणि तिथे मराठीतून बोलता येतं.

जे वयाने मोठे आहेत, ज्यांना आपलं घर, आपली जमीन कुणाला तरी देत असल्याची स्वप्नं आता पडू लागली आहेत, त्यांना एक विनंती. राजा हरिश्चंद्राने स्वप्नात दिलेलं राज्य जागेपणी देऊन टाकलं, ही कथा तुम्ही लहानपणापासून ऐकली आहे. तुमचं देणं तुम्ही पूर्ण शुद्धीत, दिवसाढवळ्या करा. मृत्युपत्र साध्या कागदावर चालतं. त्यावर दोन साक्षीदारांच्या सह्या लागतात, नोंदणी सक्तीची नाही पण केलेली बरी, आणि हयात असेपर्यंत ते कितीही वेळा बदलता येतं. बँकेतला नॉमिनी आपोआप मालक होतो असं नाही, हेही मुलांना समजावून सांगा. खरेदीखत, विम्याचे कागद, लॉकरची किल्ली, कुणाचं देणं आणि कुणाकडून येणं, हे सगळं एका वहीत लिहा आणि येत्या रविवारी मुलांना समोर बसवून दाखवा. मुलीलाही बोलवा.